ऊना आणि उणी

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. आईला नाही, बापाला नाही. नवऱ्याला सांगायचा प्रश्नच आला नाही, तो लग्नानंतर दुसऱ्याच पावसाळ्यात तापानं गेला. देवाला म्हणाल तर त्याला सगळं ठाऊकच असतं, मग त्याच्यापुढे तोंड कशाला उघडायचं — अशी मी माझी समजूत घालत आले. पळवाटच ती, दुसरं काय? तुम्ही माझे कुणी नाही. म्हणूनच तुमच्यापाशी बोलायला जीभ थोडी सैल होतेय.

माझं नाव धोंडी. इथूनच सुरुवात करावी लागेल, तुम्हाला कंटाळा आला तरी. माझ्याआधीची भावंडं पाळण्यातच गेली, म्हणून मला हे नाव. आमच्याकडे रीतच आहे ती — पोर जगत नसलं की पुढच्याचं नाव दगडू, केरू, भिकी असलं काहीतरी वाईटसाईट ठेवायचं, म्हणजे वाईट नजर त्याच्याकडे ढुंकून बघत नाही. धोंडा कोण पळवणार? मी जगले. पण शेणवे गावच्या शाळेत पोरं मला बघितलं की ठेच लागल्याचं सोंग करायची, आणि मास्तरसुद्धा मिशीतल्या मिशीत हसायचे. मी तेव्हाच ठरवलं होतं की मोठी झाले की हे नाव टाकून देईन. नाव काय टाकता येतं?

बाप उंबरमाळीच्या बाजूला रेल्वेच्या एका साहेबाकडे स्वयंपाकी होता. कपाळ पांढरं झाल्यावर मी त्याच्याकडे गेले आणि साहेबाच्या बाईंच्या हाताखाली राहिले. माझं इंग्रजी त्या स्वयंपाकघरातलं — आधी चमचा, बशी, मीठ, मग हळूहळू राग, लाज, आठवण. बाईंना मराठी येईना. त्यामुळे वाड्या-पाड्यांत जाताना मी त्यांची जीभ झाले. हे लक्षात ठेवा. त्यांची जीभ मी होते.

साहेब इंग्रज होते, पण बाईंना इंग्रज म्हटलेलं मुळीच खपायचं नाही. त्या आयर्लंडच्या. त्यांच्या देशाची निराळी भाषा होती आणि ती शाळाशाळांतून मारून काढली, असं त्या सांगायच्या. त्यांचं नाव ब्रिजिट, म्हणजे थोर, उंच. आमच्या लोकांनी त्याचं बिरजाबाई केलं आणि बाईंना ते फार आवडलं. नावांचा त्यांना नादच होता. पाड्यावर गेलं की प्रत्येकाला नाव विचारायच्या, मला अर्थ विचारायच्या, आणि लगेच त्यांच्याकडचं नाव जोडीला काढायच्या. काळी नावाची पोरगी दिसली की म्हणायच्या, आमच्याकडे हिला कीरा म्हणतात, तिचाही अर्थ काळीच. फिन म्हणजे गोरापान, पांढरा. ते ऐकून मला हसू आवरेना, कारण आमच्याकडे पांढरा म्हणजे धवळ्या, आणि धवळ्या हा बैल असतो. त्यांच्या एका भावाचं नाव कॉनर, म्हणजे कुत्र्यांवर जीव असणारा. दुसऱ्याचं रोनन, म्हणजे समुद्रातल्या एका गुबगुबीत जनावराचं पिल्लू. थोरामोठ्यांच्या घरात अशी नावं! मला गंमत वाटायची आणि बरंही वाटायचं.

एकदा त्यांनी माझ्या नावाचा अर्थ विचारला. मी सांगितलं, धोंडी हे एका देवीचं नाव आहे, डोंगरावरच्या. बाई म्हणाल्या, किती सुंदर. आता हा काही मी सांगायला बसलेय तो अपराध नव्हे. पण एकदा जिभेला कळलं की तिचं बोलणं खरं की खोटं हे कुणी विचारणार नाही, तपासणार नाही — मग पुढचं सोपं होतं.

पाड्यावर हिरी नावाची बाई होती. माझ्याच वयाची, घरची भातशेती, स्वभावानं गरीब. तिची दोन मुलं जन्मतःच गेली होती. तिसऱ्या वेळी ती अडली तेव्हा बिरजाबाई धावत गेल्या. त्यांना दवाखान्यातलं थोडंफार कळायचं. मुलगी झाली आणि जगली. मग हिरीनं हट्टच धरला की बारशाला बाईंनीच आत्या व्हायचं आणि कानात नाव सांगायचं.

बारशाला जाताना वाटेत बाईंनी मला त्यांच्या बहिणीचं सांगितलं. धाकटी, लाडकी, लहानपणीच गेलेली. तिचं नाव ऊना. पक्का अर्थ कुणालाच ठाऊक नाही, पण त्यांची आई सांगायची, ऊना म्हणजे कोकरू. शाळेत मास्तरांनी ते नाव चालू दिलं नाही, तिला अ‍ॅग्नेस केलं. थडग्याच्या दगडावरही अ‍ॅग्नेसच कोरलं. बाई म्हणाल्या, तिच्या खऱ्या नावानं तिला हाक मारणारं आता जगात कुणी उरलेलं नाही, निदान इथं तरी कुणी मारील. बोलता बोलता त्यांनी माझा हात धरला. मी त्यांच्याकडे इतकी वर्षं राबत होते, मला कधी असं नाव सुचवलं होतं त्यांनी? विधवेला कशाला नवं नाव, हे मलाही कळत होतं. कळून काय होतं? हिरीच्या काल जन्मलेल्या पोरीला कोकरू, आणि मी धोंडा. अशी आग आग झाली माझ्या आत. खोटं कशाला बोलू, पाड्याचा चढ चढताना ती आग मला सुखाची वाटत होती.

बाई पाळण्यावर वाकल्या. पोरीच्या कानात कुर्र करून नाव सांगितलं, बायांनी रीतीप्रमाणे त्यांच्या पाठीत धपाटे घातले, बाई खळखळून हसल्या. मग सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. काय नाव ठेवलं बाईनं?

मी म्हणाले, "उणी."

आणि अर्थ विचारला तेव्हा तोंडावरची रेषही न हलवता म्हणाले, "उणी. कमी, अपुरी. पोर जगावी म्हणून."

झालं. एवढंच. ऊनाची उणी करायला कितीसा जोर लागतो? मला वाटलं होतं, हिरी हिरमुसेल. बाया एकमेकींकडे बघतील. पण हिरीनं पदर पुढे घेऊन बाईंच्या पायावर डोकं ठेवलं. परक्या मुलखातली बाई, पण आपली रीत जाणून तिनं पोरीसाठी नजर चुकवणारं नाव दिलं, म्हणून ती रडत होती. बाईंना वाटलं, कोकरू ऐकून रडतेय. त्याही रडल्या. मधे मी उभी. दोघींची जीभ मीच, आणि मी गप्प.

हे कधीच उघडं कसं पडलं नाही, असं तुम्हाला वाटेल. बाईंच्या कानाला न आणि ण सारखेच. पाड्यावर कुणी "उणी" म्हणून हाक मारली की त्यांना ऊना ऐकू यायचं, त्यांचा चेहरा उजळायचा. त्या "ऊना" म्हणाल्या की लोकांना वाटायचं, गोरी बाई आहे, तिला ण कुठून यायचा. पोरगी दोन्ही हाकांना धावायची. दुसऱ्या मोठ्या लढाईच्या आधी साहेबांची बदली झाली. निघताना बाईंनी त्या पोरीला उराशी धरलं, मग माझे दोन्ही हात हातात घेऊन म्हणाल्या की तू होतीस म्हणून माझ्या बहिणीचं नाव जगलं. त्या वेळी मी खाली बघितलं. त्यांना ते माझं दुःख वाटलं असणार.

इथं थांबले असते तर एक मत्सरी बाई म्हणून तुम्ही मला सोडून दिलं असतंत. पण पुढचं आहे.

उणी उफाड्याची, कामाला वाघीण, दिसायला देखणी. मुरबाडकडून, सिद्धगडाच्या पायथ्याच्या एका घरातून मागणी आली. मुलगा मी पाहिला होता. बोलताना समोरच्याचं पूर्ण ऐकून घेणारा — असे पुरुष किती असतात? उणीलाही आवडला होता, तिच्या चालण्यात कळत होतं. सगळं जुळलं. फक्त मुलाच्या बापाचं म्हणणं, असलं अभद्र नाव आमच्या घरात नको, लग्नात बदलू. यात वावगं काही नव्हतं. पण हिरी हटून बसली. तिच्या डोक्यात पक्कं बसलेलं — या नावानंच पोर वाचली, नाव मोडलं तर पोर जाईल. दोन्हीकडची माणसं तिला समजावून थकली. शेवटी कुणीतरी म्हणालं, धोंडीला बोलवा, बाईच्या तोंडचं तिनंच ऐकलंय.

मी गेले. अंगणात पंधरा-वीस माणसं, आणि दाराआड उणी. हिरी म्हणाली, "तूच सांग गो धोंडी, बाय काय बोलली ती. या नावावरच माजी पोर जगली ना? नाव मोडायचं नाय, असंच ना?"

नाव मोडू नका असं बाईही बोलल्या नव्हत्या आणि मीही. ते हिरीच्या भीतीनं मागून जोडलं होतं. मी नुसतं खरं बोलायचं होतं. बाईंनी ठेवलं ते ऊना, त्याचा अर्थ कोकरू आहे, मी खोटं बोलले, हिच्या जगण्याचा आणि नावाचा काही संबंध नाही. एवढं बोलले असते तर हिरीनं माझ्या झिंज्या धरल्या असत्या, गावानं थुंकलं असतं, आणि लग्न झालं असतं. माझ्या थोबाडावर थुंकी आणि तिचं लग्न. सौदा काय महाग होता?

मी म्हणाले, "होय. असंच बोलल्या."

मुरबाडची माणसं चहासुद्धा न घेता उठली.

त्या वर्षभरात आणखी दोन ठिकाणी नावावरूनच अडलं, आणि मग बभ्रा झाला की पोरीत काहीतरी उणं असणार, उगाच का असं नाव? शेवटी शहापूरजवळ एका बिजवराला दिली. तो माणूस वाईट नाही. नाव काय धुऊन प्यायचंय, असं म्हणून त्यानं केली. पण त्याची आई भातात मीठ कमी पडलं, दूध नासलं, पहिलं मूल पोटातच गेलं — दर वेळी तेच म्हणायची, नावाप्रमाणंच आहे. लग्नानंतर एकदा उणी मला विहिरीवर भेटली. आजूबाजूला कुणी नव्हतं. कळशी खाली ठेवून तिनं विचारलं, "आक्का, मी तवा बारा दिसांची होते. बायनं माज्यात काय उणं बगलं?"

चिडून नाही विचारलं तिनं. खरंच जाणून घ्यायचं होतं, म्हणजे ते भरून काढता येईल. आणि मी? मी म्हणाले, मोठ्या माणसांना दिसतं काही काही, आपल्याला काय कळतंय. तिनं मान डोलावली, कळशी उचलली आणि गेली. पहिल्या दिवशी माझ्यात मत्सर होता, अंगणात भीती होती. विहिरीवर काय होतं? काही नव्हतं. नुसती सवय.

स्वराज्य आलं त्याच्या पुढच्या वर्षी तिला मुलगी झाली. बारशाचं बोलावणं मला आवर्जून आलं. सासू आता थकलीय, नाव उणीनंच ठरवलं होतं — पूर्णा. बायांनी विचारलं, असं नाव का गो? ती पोरीकडे बघत अगदी शांतपणे म्हणाली, "माज्यात जे नाय ते हिच्यात आसू दे."

मी तिच्या शेजारीच बसले होते. पाळण्याची दोरी माझ्या हातात होती. मी दोरी ओढत राहिले.

आजही ती बाजाराला येते, पोरीला कडेवर घेऊन. परवा गर्दीत पुढे चालली होती. मी हाक मारली, "उणी!" तोंडात दुसरं नाव होतं, खरं, मला एकटीला ठाऊक असलेलं. तरी हाक तीच मारली. आणि तिनं ओ दिली.