कारण न सांगता धरलेलं मनगट

सकाळी दाढी करत होतो, तेव्हा फोन आला. मदनलाल सर गेले. झोपेतच गेले. "कशानं?" मी विचारलं. पलीकडून त्यांचा मुलगा म्हणाला, "काका, डॉक्टरला बी कारण सापडलं न्हाई." मला आधी हसू आलं, आणि मग रडू आवरेना... जन्मभर प्रत्येक गोष्टीला कारण मागणारा माणूस असा बिनकारण उठून गेला.

जाफराबादच्या मारवाडी घरातले सर वडिलांचं कापडाचं दुकान सोडून गावातल्याच कॉलेजात तर्कशास्त्र शिकवायला आले. मी तिथंच इतिहास शिकवायचो. मांजर आडवं गेलं म्हणून कुणी थांबलं, की सर त्याची सालटी काढत. "भीती म्हंजे बुद्धीची सुट्टी," हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

आणि त्याच माणसानं माझ्या तापानं फणफणलेल्या पोरीला पुलावर अडवलं. गौरी तेव्हा चार वर्षांची. तिला प्रवासी जीपनं जालन्याला दवाखान्यात न्यायचं होतं, सर सोबतीला आले होते. नदीच्या ठेंगण्या पुलावर पाणी चढलं होतं, पण घोट्याएवढंच. पुढच्या दोन जिपा आमच्यादेखत पार झाल्या. तेवढ्यात सरांनी माझं मनगट धरलं.

"उतर."

"का?"

"कारण न्हाई माझ्याकडं. पण बिलकुल जायचं न्हाई."

मी त्यांना वाट्टेल ते बोललो. त्यांनी पकड ढिली केली नाही. शेवटी पोरीला घेऊन उतरलो, आणि जीप आम्हाला सोडून आरामात पलीकडे गेली. आम्ही दुसऱ्या गाडीनं लांबच्या रस्त्यानं निघालो. वाटेत गौरीला झटका आला, डोळे पांढरे झाले... पोर वाचली. पण सरांशी मी कित्येक महिने बोललो नाही.

शेवटी तेच घरी आले. "तुझं बराबर होतं," म्हणाले. "पण माझ्या भीतीला काय दिसलं, ते मी अजून शोधून राह्यलो. तिला बोलता येत न्हाई, म्हणून ती खोटीच, असं कसं म्हणू?" मला ते तेव्हा पटलं नाही. आजही पटत नाही.

मी आता जालन्यालाच राहतो. त्यांच्या तेराव्याला तिथून, आता मोठ्या झालेल्या गौरीसोबत, जीपनं जाफराबादला निघालो. उशीर झालाच होता. पुन्हा तोच पूल, तसंच पाणी. पुढची गाडी पार झालेली. ड्रायव्हरनं गिअर टाकला आणि मी गौरीचं मनगट धरलं.

"गौरे, उतर."

"का, बाबा?"

मी तिला ओढूनच खाली उतरवलं. जीप आम्हाला सोडून सुखरूप पलीकडे गेली. गौरी चिडून बोलत राहिली, मी पाण्याकडे बघत ऐकत राहिलो. तिचं मनगट माझ्या मुठीतच होतं.