त्या गोष्टीतली पोरगी

माझा धाकटा भाऊ सिनेमे बनवतो. थिएटरात लागतात तसले नव्हेत. त्यांत गोष्ट सरळ पुढे जात नाही. एखादं दार बराच वेळ दिसत राहतं आणि मागून कुणीतरी बोलत असतं. या मे महिन्यात तो पुण्याहून यवतमाळला आला तो घरच्यांच्या आठवणींवर सिनेमा करायला.

घरचे म्हणजे आई आणि मी. बाबा गेल्यापासून आम्ही दोघीच. माझी कचेरी सांभाळून आईचं पथ्यपाणी, गोळ्या, गुडघ्यांना तेल, सगळं मीच बघते.

आवाज येतो म्हणून त्यानं कूलर बंद करायला लावला. एरवी लाइट गेली तरी माझ्यावर चिडणारी आई ठेवणीतलं पातळ नेसून, घामाघूम होऊन त्याच्यासमोर हसत बसली. फोनवर आमच्याशी पुणेरी बोलणारा तो तिला म्हणत होता, "मंग काय झालं वं माय?"

मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते.

"पोरगी रांगत होती तवा," आई सांगू लागली, "एक दिवस तिले घेतलं न् माहेरी, बाभुळगावची एसटी धरली. सासरी वापस यायचंच नव्हतं. उतरली त माहे बाबा स्टँडवरच चहा पीत बसले होते. घरी चाल म्हटलं नाही त्याह्यनं. मले चहा पाजला, पोरीले बिस्कूट देल्लं न् त्याच गाडीत वापस बसवलं."

ती पोरगी म्हणजे मी. तो तर तेव्हा जन्मलाही नव्हता. आणि ही गोष्ट तिनं त्याला दिली.

संध्याकाळी तेल लावताना मी विचारलं, "मले काहून नाही सांगितलं कधी?"

"तो परवा जाईन," आई म्हणाली. "तू रोज समोर असते. तुले सांगितलं असतं त रोज तुह्या डोळ्यात तेच दिसलं असतं."

मी गुडघा जरा जास्तच जोरात दाबला.

दुसऱ्या दिवशी भाऊ म्हणाला, "ताई, तूपण बस ना कॅमेऱ्यासमोर." मी कामाचं निमित्त काढून कचेरीत गेले.

दिवाळीनंतर सिनेमा आला. त्यात मी कुठेच दिसत नाही. फक्त एकदा आतून माझा आवाज येतो, "आई, गोळी घेतली का?" आई "घेतली, घेतली" म्हणते आणि पुन्हा त्याच्याशी बोलू लागते.

आईनं तो भिशीच्या बायकांना दाखवला. "माह्या पोरानं बनवला," ती सांगत होती. मी चिवडा वाढत होते. सिनेमा संपल्यावर शेजारच्या काकूंनी मला विचारलं, "तुले आठवते का वं काही त्यातलं?"

"आठवते नं," मी म्हटलं. "वापस येताना आई लय रडत होती."

रांगत्या वयातलं कुणाला आठवतं! आणि रडण्याचं तर आई कॅमेऱ्यापुढे बोललीच नव्हती. तिनं माझ्याकडे पाहिलं. मग काकूंना म्हणाली, "हो. रडत होती मी."