तिसऱ्या चांदाची साक्ष

लोणावळ्याच्या पावसात चांद दिसणं म्हणजे म्हशीला पंख फुटणं. माझ्या लहानपणी, दुसऱ्या महायुद्धाच्या त्या वर्षांत, रमजान नेमका पावसाळ्यात यायचा. एकोणतिसाव्या रोजाला चांद दिसला तर उद्या ईद, नाहीतर आणखी एक रोजा, म्हणून सगळी गल्ली माना वर करून भिजत उभी राहायची.

आमचं बांगड्यांचं दुकान बाजारात होतं. दुकानामागच्या खोलीत मी आणि माझी फुपू, म्हणजे वडलांची धाकटी बहीण, बांगड्या दोऱ्यात ओवत बसायचो. रोजातली दुपार काही केल्या सरत नाही. मग फुपूनं एक शहर काढलं. फुटक्या बांगड्यांचे तुकडे खोक्याच्या झाकणावर मांडून गल्ल्या करायच्या, आणि वर तीन चांद.

त्या शहरात हुकूम चांदांचा. थोरला उगवला की विहिरी काठोकाठ भरत, म्हणून तिथं कुणाकडं दोर नव्हता. मधला भारी घाईचा. रात्रीतून दोनदा यायचा, म्हणून दुकानंही दोनदा उघडत. खिडक्या छपराला, भिंतींना एकही नाही. माणसं वर बघत चालायची, म्हणून गल्ल्या वाकड्या. प्रत्येकाला तीन सावल्या, त्यामुळं लपाछपीची सोय नाही. हे मला मुळीच पसंत नव्हतं आणि त्यावरून आम्ही दोन दिवस भांडलो. तिसरा चांद लाजरा. तो कुठून उगवतो तेच ठरेना, त्यामुळं शहराची एक बाजू मोकळीच राहिली होती.

त्या वर्षी मला ईदची कोण घाई! हिरवा झगा शिवून तयार होता. एकोणतिसाव्या संध्याकाळी वलवणची दूधवाली मावशी शीरखुर्म्याचं दूध घेऊन आली आणि दारातूनच करवादली, "आवो, चांद दिसतूय का न्हाई? माजी म्हस काय ढग बघून दूध देती व्हय?"

"दिसू दे गं लवकर," मी म्हणाले.

आई हसली. "दिसला की उद्या तुझी फुपू सासरी जाणार, ठाऊक आहे ना?"

ठाऊक होतंच. निकाह उन्हाळ्यात झाला होता आणि पाठवणी ईदच्या दिवशी ठरली होती. फुपूचा नवरा देहूरोडला लष्कराच्या डेपोत कामाला होता. पण चांद दिसला की ईद, आणि ईद झाली की फुपू नाही, हे माझ्या टाळक्यात तेव्हा पहिल्यांदा शिरलं. मी भोकाड पसरलं आणि ढगांनाच विनवू लागले, हलू नका रे बाबांनो.

ढगांनी ऐकलं. अंधार पडला तरी कुणाला काही दिसलं नाही. मावशी दूध तापवून ठेवायला बजावून गेली. एवढ्यात पुण्याकडच्या गाडीनं फुपूचा नवराच दारात हजर, चिंब भिजलेला. "चांद दिसला! देहूरोडच्या फलाटावरून, माझ्या या डोळ्यांनी!"

वडील त्याला मशिदीत घेऊन गेले. बुजुर्गांनी विचारलं, आणखी कुणी पाहिला? कुणीच नाही. ढग घडीभर फाटला आणि पुन्हा मिटला, असं तो सांगत राहिला. ढगाळ दिवशी ईदच्या चांदाला दोन पुरुषांची साक्ष लागते, नाहीतर एक पुरुष आणि दोन बायकांची. एकट्याचं, तेही बायकोला न्यायला निघालेल्याचं, कोण ऐकणार? "जावईबापू, उद्या तुम्हीही रोजा धरा," म्हणून त्यांनी त्याची बोळवण केली. तो एवढंसं तोंड करून आमच्या घरी परतला. अख्खी गल्ली हसत होती. मी तर नाचत होते.

दुसऱ्या दिवशी तो उपाशीपोटी आमच्यापाशी येऊन बसला. फुपू लाजून बोलेना, म्हणून शहर मीच त्याला समजावलं. त्यानं सगळं नीट ऐकलं आणि विचारलं, "मग तिसरा चांद कुठून उगवतो?"

"ते ठरलेलं नाही."

त्यानं एक हिरवी काच उचलून मोकळ्या बाजूला ठेवली. "आमच्याकडून. देहूरोडहून."

मला असा राग आला! शहर आमचं आणि चांद याचा? पण फुपूनं ती काच हलवली नाही.

ईद झाली, फुपू गेली. मला घरात करमेना. झाकण मी कापडात गुंडाळून माळ्यावर ठेवून दिलं.

पुढच्या वर्षी पुन्हा तोच रमजान आणि तेच ढग. एकोणतिसाव्या संध्याकाळी मी वर बघायलाही गेले नाही. पुण्याकडची गाडी आली आणि थोड्या वेळानं दार वाजलं. पुढं फुपूचा नवरा, त्याच्या मागं फुपू, आणि तिच्या मागं छत्री मिटत धापा टाकणारी तिची सासू.

"चांद दिसला!" फुपू ओरडली. "एक पुरुष, दोन बायका. घ्या मोजून!"

सासूबाई ओला पदर पिळत कुरकुरल्या, "सुनंनं आठ दिस डोकं खाल्लंय माजं. म्हनं, अम्मा, तुमी बी चला, तुमच्याबिगर साक्ष पुरी न्हाई व्हायाची."

वडील हसत हसत मशिदीकडं निघाले. फुपू मात्र ओल्या पायांनी थेट मागच्या खोलीत शिरली. "शहर कुठंय गं?"

मी माळ्यावर पळाले.