नकार लिहून द्या

साहेबानं शहाळ्यातलं पाणी माझ्या डोक्यावर ओतलं.

भर सकाळी, मल्लेश्वरमच्या बाजारात. नव्वदच्या दशकातली गोष्ट. शहाळं माझंच, सोलून दिलेलंही मीच. फुटपाथ तपासायला येणारा हा साहेब रोज फुकट प्यायचा. त्या दिवशी मी विचारलं, "साहेब, माझ्या गाड्याच्या परवानगीच्या अर्जाचं काय झालं?"

हे त्याचं उत्तर. पाणी केसांतून गळ्यात, गळ्यातून पोलक्यात उतरलं. त्याची माणसं हसली.

"झाला अभिषेक. जा आता तुमच्या मुलखात."

कुठला मुलूख? घरात आम्ही मराठी बोलतो, बाहेर कन्नड, एवढंच. माझ्या आज्याचा आजा याच शहरात मेला.

मग त्यांनी गाडा उलटा केला. शहाळी दगडावर आपटून फोडली. नवरा आडवा गेला, तर त्याच्या बरगडीत दांडा घातला. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला.

कोयता हातात होता. उचलला. समोर साहेबाची मान. तो मागं सरकला, तोंड पांढरं पडलेलं. मला त्याला तोडायचं होतं. खोटं कशाला सांगू?

शेजारच्या फुलवाल्या अक्कानं माझं मनगट धरलं. "तू जेलात जाशील. अर्ज त्याच्याच टेबलावर राहील."

म्हणून थांबले. दया आली म्हणून नाही.

अक्कानंच मला एका वकीलबाईंकडे नेलं. त्या म्हणाल्या, "तो हो म्हणत नाही, नाहीही म्हणत नाही. नाही म्हटलं तर तुला दाद मागता येईल. म्हणून लटकत ठेवलंय."

डोकं पेटलं माझं. इतकी वर्षं मी हात जोडून उभी होते, आणि माझ्या जोडलेल्या हातांवरच त्याचं चाललं होतं.

वकीलबाईंनी दाद मागितली, आणि हायकोर्टानं साहेबाला हुकूम दिला. हिचं म्हणणं ऐका. मुदतीत निर्णय द्या, कारणासकट. तोवर हिच्या गाड्याला हात लावू नका.

साहेबाच्या कचेरीत सुनावणीला गेले ती सरळ खुर्चीत बसले. कोणी बस म्हटलं नव्हतं.

साहेब गुरगुरला, "कोर्टात जातेस? नकारच देतो."

"सरी, चालेल," मी म्हटलं. "लिहून द्या. कारण लिहा. सही करा."

त्यानं टेबलावर मूठ आपटली. मीही आपटली. कारकून दारात गोळा झाले. त्यांच्यादेखत त्याला लिहावं लागलं: गाड्यामुळे लोकांना चालायला अडचण होते. मागच्या दुकानाच्या पायऱ्या निम्मा फुटपाथ खाऊन बसल्यात, त्यांची अडचण नाही. माझीच.

परवानगी मिळाली नाही. नवऱ्याला पुन्हा ओझं उचलता आलं नाही. निर्णय झाला, तशी कोर्टाची मनाईही संपली; आता ते कधीही येऊन गाडा फोडू शकत होते. दुसऱ्या दिवशी मी तिथंच गाडा लावला, आणि त्या कारणाविरुद्ध वकीलबाईंच्या कागदावर अंगठा नाही, सही केली.

साहेब समोरून गेला. मी हात जोडले नाहीत. यापुढं कुणापुढंच जोडणार नाही. मारलं तर सगळ्या बाजारासमोर ओरडेन, नाकारलं तर कारण मागेन, कारण खोटं निघालं तर पुन्हा कोर्टात ओढीन. तो थकेपर्यंत.