आकृती चार-ब

सदर व्यक्तीचे नाव श्रीमती चंद्रावती गजानन भोपी. राहणार मौजे नेरे, तालुका पनवेल, जिल्हा रायगड. वय आधार कार्डानुसार अडुसष्ट. तिच्या स्वतःच्या म्हणण्यानुसार कार्डवाल्याने अंदाजे टाकलेले. व्यवसाय शेती. वैवाहिक स्थिती विधवा. अपत्ये एक, पुरुष, नाव प्रणित. ओळखीची खूण कपाळावरचे गोंदण. सदर व्यक्तीच्या शेताखाली प्राचीन वास्तू असावी असा संशय असून तशी पूर्वकल्पना सदर व्यक्तीस देण्यात आली आहे.

ही पूर्वकल्पना दिली चारुताने. चारुता पुण्याची. उपग्रहाने आणि ड्रोनने काढलेले फोटो बघून जमिनीखालची जुनी बांधकामं हुडकायची, हे तिचं काम. ओटीवर बसून तिने लॅपटॉप उघडला.

"हे तुमचं शेत, काकू. भात कापल्यावर तुम्ही वाल पेरलात ना, तेव्हाचं. खाली भिंत असली की वरच्या वेलाला माती कमी मिळते, तो खुरटतो. ही बघा पिवळी रेघ. ही दुसरी. चौकोन दिसतोय? बंदरातला माल घाटावर जायचा, त्याची वखार असेल. जुनी, खूप जुनी."

चंद्रावतीला चौकोन दिसला नाही. तिला त्याचा कोपरा दिसला. तिथे एक गर्द हिरवा ठिपका होता.

"आन ह्यो?"

"तिथे खड्डा असणार. खड्ड्यातली माती भुसभुशीत, ओल धरून ठेवते, म्हणून वेल माजतो. आड असेल, रांजण पुरलेला असेल. खणायला सुरुवात तिथूनच करू."

चंद्रावतीने हातातला चहाचा कप खाली ठेवला.

तिथे काय आहे हे तिघांना माहीत होतं आणि त्यातले दोघे, नवरा गजानन आणि सासू, वारले होते. पहिली मुलगी ताप येऊन बारशाच्या आधीच गेली. एवढ्या लहान जिवाला जाळत नाहीत, पुरतात. गजाननने पहार मारली तेव्हा दगड लागला, सरळ कडांचा, घडवलेला. कोल्ह्यांनी उकरू नये म्हणून तोच वर ठेवून त्याने माती लोटली. सासूने बजावलं, "आता त्यो इशय काडायचा नाय." नाही काढला. पुढे प्रणित झाला, त्यालाही सांगितलं नाही. फक्त त्या कोपऱ्यातल्या शेंगा चंद्रावती कधी खुडत नसे. तिथले वाल खवट लागतात, असं ती सांगे आणि घरचे विश्वास ठेवत.

पनवेलच्या बाजूला कुणी शेतात यंत्र मांडलं की माणसं आधी सातबारा शोधतात आणि मग यंत्र कशाचं ते विचारतात. मोजणीच्या मागून नगर आलेलं आहे, रस्ता आलेला आहे, विमानसुद्धा आलेलं आहे. प्रणित त्या रात्री जेवताना आईला समजावत होता.

"आये, कशावर अंगठा देऊ नको. वखार निघाली तं जागा गेली समज. आन हाडं निघाली तं पोलीस. कोनाचं, कसं मेलं, समदं लिवून घेतात."

"जुनी हाडं आसली तर?"

"जुनी का नवी, ते बी त्यांची मशीन सांगतंय. वरून समदं दिसतं त्यांना. तू आंघोळ पन मोरीतच कर आता."

तो स्वतःच हसला. चंद्रावतीने ताटातला भात चिवडला आणि कुत्र्याला घातला. कसं मेलं? ताप आला आणि गेलं. डॉक्टर नव्हता, कागद नव्हता, साक्षीला सासू होती, तीही गेली. पोलिसाला हे सांगितलं तर तो कशावरून मानेल?

दुसऱ्या दिवशी ड्रोन आला. गांधीलमाशीसारखा घोंघावत शेतावरून इकडून तिकडे फिरू लागला. चंद्रावती धावत जाऊन कोपऱ्यावर उभी राहिली आणि तिने पदर डोक्यावरून पुढे ओढला. ड्रोन तिच्या डोक्यावर आला, थबकला, खाली डोळा लावून राहिला. खालच्या दगडावर आपण दोन पाय देऊन उभ्या आहोत आणि वरचा ते मोजतोय, असं तिला वाटलं.

लपवायची एकच रीत तिला ठाऊक होती. पावसाळ्यापूर्वी भाताचं रोप टाकायच्या तुकड्यावर फांद्या, पालापाचोळा आणि शेण अंथरून तो भाजतात. त्याला राब म्हणतात. भोप्यांचा राब विहिरीजवळ असे. यंदा तिने तो कोपऱ्यात रचला, माती लोटून पेटवला आणि धूर आभाळाला लागेपर्यंत तिथेच बसून राहिली. सगळं काळं झालं. हिरव्याचा मागमूस उरला नाही.

आठवड्याने चारुता आली आणि ओटीवर लॅपटॉप उघडून तिने शेताच्या कोपऱ्यावर बोट ठेवलं.

"काकू, यंदा राब इथे का?"

"आसंच."

"नाही, दरवर्षी विहिरीजवळ असतो. हा बघा मागच्या वर्षीचा. हा त्याच्या मागचा." ती एकेक फोटो सरकवत गेली. प्रत्येकात विहिरीशेजारी काळा चौकोन, जणू पाटीवरची तीच ती खूण. "यंदाच हलला. म्हणून मला वाटलं, तुम्हाला इथे काही सापडलं की काय."

चंद्रावतीने ओटीचा खांब धरला. आपण स्वतः विसरलेले राब आभाळाने जपून ठेवले होते.

"कितीक मागचं हाय तुमच्याकडं?"

"उपग्रहाचं वीसेक वर्षांचं. विमानातून काढलेले त्याहून जुने आहेत, तुमचं लग्न व्हायच्या आधीचेसुद्धा."

"त्यात मानूस दिसतो?"

"माणूस?"

"खड्डा खनताना."

चारुताने लॅपटॉप अर्धा मिटला. "नाही हो. अख्खं घर ठिपक्याएवढं असतं त्यात." मग तिने विचारलं, "कोण खणत होतं, काकू?"

प्रणित बाजारात गेला होता. तरी चंद्रावतीने तिला आत नेऊन दार लोटून घेतलं आणि मगच सांगितलं. शेवटी म्हणाली, "बाय, पोलिसाला नको सांगू. तापानं गेली ती. शप्पथ हाय."

चारुताने शपथ मागितली नव्हती. ती उठली, शेतात गेली, आणि खणायची जागा म्हणून कोपऱ्याभोवती रोवलेल्या लाल झेंड्या उपटून समोरच्या टोकाला रोवून आली.

खोदकाम तिकडे झालं. भिंतीचा पाया निघाला, खापरं निघाली. चाललं होतं तोवर चंद्रावती रोज जळक्या मातीवर बसून असे. कुणी टोपली घेऊन जवळून गेलं तरी दचके. "आये, उन्हात काय राखन करतंस?" प्रणित विचारी. "राब," ती म्हणे.

अहवाल नंतर इंग्रजीत छापला गेला. त्यात या कोपऱ्याबद्दल दोन ओळी आहेत. मराठीत त्या साधारण अशा: आकृती चार-ब, ईशान्य कोपऱ्यातील गडद ठिपका. अर्वाचीन खड्डा, पृष्ठभाग जाळल्याने बाधित, पुरातत्त्वीय महत्त्व नाही, उत्खननातून वगळला.

चंद्रावतीला दोन मुलं झाली. थोरली मुलगी.