लढाईच्या पुस्तकातली माझी सही

फौजेतून सुटलो आणि सुरतेत पांडेसऱ्याच्या डाइंग मिलच्या गेटावर वॉचमन म्हणून उभा राहिलो. पासष्टच्या लढाईत होतो, हे सांगत फिरलो नाही. तरी सरांनी मला हुडकलं. ते लढायांचा इतिहास लिहायचे. कॉलेजातून रिटायर झाल्यावर टेप घेऊन आमच्यासारख्या शिपायांची घरं धुंडाळायचे. म्हणायचे, "साहेब लोकांनी आपापलं लिहून ठेवलंय. खंदकातल्याचं कोण लिहिणार?"

त्यांचा एक नेम होता. हकिकत लिहून झाली की ज्याची त्याला नेऊन द्यायची. त्यानं वाचून खाली सही करायची. ती सहीही पुस्तकात छापायची.

लिंबायतच्या माझ्या खोलीवर ते आठ कागद घेऊन आले. मी चौथी शिकलेला. नाव लिहितो, दुकानाची पाटी वाचतो; टाइपातलं बारीक झेपत नाही.

बायको सुनेकडे बोट दाखवून म्हणाली, "वहूले द्या ना, ती वाची दाखाडी."

"मी काय अडानी शे?"

चष्मा लावला. सरांचा चहा होईतो एकेक कागद उलटला, मध्ये दोनदा मान हलवली आणि सही ठोकली.

माझा खंदकातला जोडीदार त्याच लढाईत गेला. त्याची बायको आमच्या मागच्याच गल्लीत राहते. आम्हा खान्देशी लोकांत आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, गेलेल्याच्या नावानं घागर भरतात, त्याच्या जागी कुणाला तरी पितर म्हणून जेवू घालतात. जोडीदाराच्या जागी वर्षानुवर्षं मीच बसायचो.

पुस्तक आलं. तिच्या मुलानं तिला वाचून दाखवलं. मग ती माझ्या दारात आली, पुस्तक पुढे धरलं.

"भाऊ, हाई सही तुमनीच शे ना?"

"हो."

गेली. ती गेल्यावर सुनेकडून वाचून घेतलं. जोडीदार खंदक सोडून मागे गेला, पाठीत गोळी लागली, असं लिहिलेलं.

गोळ्या संपत आल्या होत्या. मागे जा, पेटी आण, हा हुकूम माझा होता. टेपवर सांगताना तेवढंच माझ्या तोंडून राहिलं.

सरांकडे गेलो. ते म्हणाले, "दुसऱ्या आवृत्तीत बदलतो. पण सहीचा मजकूर उगाच बदलला तर बाकीच्यांच्या सह्यांना काय किंमत? वाचलं नव्हतं, एवढं लिहून द्या."

"वाचलं होतं."

सरांनी विचारलं, "मग तेव्हाच का नाही सांगितलंत?"

मी चपला घातल्या. पुढच्या वर्षी सर वारले. दुसरी आवृत्ती तशीच निघाली.

आखाजीचं बोलावणं तेव्हापासून नाही. तरी त्या दिवशी सकाळीच आंघोळ करून, धुतलेलं धोतर नेसून बसतो. दुपार टळली की बायको घरचंच ताट पुढ्यात ठेवते.

आता हे सुनेकडून लिहून घेतलंय. मी वाचलं नव्हतं. त्याला मी पाठवला होता. सुनेला सांगितलंय, आधी मला वाचून दाखव, मग मागच्या गल्लीत जा. सही अजून केलेली नाही.