साहेब झुलले ती बंगई

बंगईच्या, म्हणजे झोपाळ्याच्या, कड्यांना एरंडेल घातलं की त्या वासासरशी मी अमरावतीच्या एका सरकारी ऑफिसातल्या कडुलिंबाखाली जाऊन पोचतो. मामा दर्यापूरला मास्तर होते. ते रिटायर झाले आणि पत्र आलं, जुनी एक वेतनवाढ चुकून दिली गेली, ती आता ग्रॅच्युइटीतून कापू. नेमक्या त्या वाढीच्याच पैशांतून मामांनी ही सागवानी बंगई केली होती. मामांनी ती उतरवली, 'छोटा हत्ती' टेम्पोत घातली, मला सोबत घेतलं आणि थेट ऑफिसच्या आवारात हजर! "साहेब, वाढीचे पैसे आमी खाल्ले नाई, त्याच्यावर झुललो. घ्या वसुली!" साहेब तडकले, "मास्तर, तमाशा काहून करून राहिले?" "आधी बसून त पाहा!" मामांनी कड्यांना एरंडेल घातलं, शिपायानं हौसेनं त्या कडुलिंबाच्या फांदीला अडकवल्या. साहेब टेकले. निंबोळ्या टपटपत होत्या, फांदी कुरकुरत होती, आणि बघता बघता साहेबांचे डोळे मिटले. सगळं ऑफिस खिडक्यांत उभं राहून बघत होतं. जागे झाल्यावर साहेब हळूच म्हणाले, "चूक आमची हाय, मास्तर. रिटायर माणसाकडून कापू नये, असं मी वर लिहितो. बंगई घरी न्या." आता ती माझ्या अकोल्याच्या घरी आहे. माझीही रिटायरमेंट जवळ आलीय, म्हणून कड्या पटकन निघतील अशाच ठेवतो.